वाचक विचारतात : ५० लाखांचं कर्ज नक्की कितीला पडतं?

ताई नमस्कार, वाघोलीला ६५ लाखांचा फ्लॅट बघितलाय. ५० लाखांचं होम लोन ८.५ टक्क्यांनी मिळतंय. आम्ही २० वर्षं म्हणत होतो पण बँकेतला माणूस म्हणतो ३० वर्षांचं घ्या, हप्ता पाच हजारांनी कमी बसतोय तर कशाला ओढाताण करता. मिस्टरांना ते पटलंय. सासरे म्हणतात दुप्पट पैसे जातात, असलं कर्जच नको. खरं कुणाचं? — एक वाचक, पुणे

तिघांचंही थोडं थोडं खरं आहे, पण आधी आकडे बघू.

५० लाख, ८.५ टक्के, २० वर्षं : हप्ता ४३,३९१ रुपये. २४० हप्ते मिळून १ कोटी ४ लाख १४ हजार, म्हणजे व्याजच ५४ लाख. सासऱ्यांचं दुप्पट इथून आलंय. तेच ३० वर्षांचं घेतलंत तर हप्ता ३८,४४६, आणि एकूण भरणा १ कोटी ३८ लाखांच्या वर, त्यात व्याज ८८ लाख ४० हजार. महिन्याला ४,९४५ रुपये वाचवायचे म्हणून ३४ लाख जास्तीचे. आणि उलट्या बाजूला १५ वर्षांत फेडायचं ठरवलं तर हप्ता ४९,२३७ बसतो आणि व्याज ३८ लाख ६३ हजारांवर थांबतं.

हे असं का होतं ते कळायला बँकेकडून परतफेडीचं शेड्यूल मागून घ्या. मी होम लोनच्या टेबलावर बरीच वर्षं बसलेय, ते कागद समोर ठेवले की लोक हप्त्याचा आकडा बघतात आणि सही कुठे करायची विचारतात, शेड्यूल उलटून कुणी बघत नाही. तुम्ही पहिली ओळ बघा. ५० लाखांवर एका महिन्याचं व्याज ३५,४१७. हप्ता ४३,३९१. म्हणजे पहिल्या महिन्यात तुमच्या कर्जातून फिटले फक्त ७,९७४ रुपये. ३० वर्षांच्या कर्जात तर ३,०२९ च. दर महिन्याला मुद्दल थोडं उतरतं, म्हणून पुढच्या महिन्याचं व्याज थोडं कमी, म्हणून मुद्दलात थोडं जास्त जातं, असं करत करत गाडी पुढे सरकते, पण सुरुवातीला अगदी रांगत. वीस वर्षांच्या कर्जात पाच वर्षं झाली की तुम्ही २६ लाख भरलेले असता आणि कर्ज उतरलेलं असतं जेमतेम ६ लाखांनी. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, अजून ३५ लाख बाकी. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा व्हायलाच जवळपास बारा वर्षं लागतात.

लोकांना वाटतं बँक आधी व्याज वसूल करून घेते, ही लबाडी आहे. तसं नाहीये, जितकं मुद्दल बाकी तितक्यावरच त्या महिन्याचं व्याज लागतं, बाकी काही नाही. मुद्दल जास्त काळ तुमच्याकडे राहिलं की व्याज वाढतं, इतका साधा हिशोब. म्हणून मी म्हणते की दरात पाव टक्का कमी करून घ्यायला लोक चार बँका फिरतात ते चांगलंच आहे, पण मुदत मात्र बँकेचा माणूस म्हणेल ती घेऊन येतात.

आता सासऱ्यांना सांगायची गोष्ट. ५४ लाख हा आकडा घाबरवतो तेवढा मोठा नाही, कारण ते पैसे वीस वर्षांत सुटे सुटे जाणार आहेत आणि रुपया तोपर्यंत तिथेच राहत नाही. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर तुमचा शेवटचा ४३,३९१ चा हप्ता आजच्या हिशोबाने सोळा हजारांच्या आसपास असेल. सगळे हप्ते असे आजच्या रुपयांत आणले तर बेरीज १ कोटी ४ लाख होत नाही, ६६ लाखांच्या जवळ येते. ३० वर्षांच्या कर्जाची तशीच बेरीज साधारण ७१ लाख ६० हजार. म्हणजे फरक ३४ लाखांचा नाही, सहाएक लाखांचा. मी हे मुद्दाम सांगतेय कारण व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणारे हिशोब फक्त पहिली बेरीज दाखवतात. पण हा दिलासा तेव्हाच खरा जेव्हा तुमचा पगारही महागाईबरोबर वाढत जाईल, आणि मिस्टरांचं वय आज ३८ असेल तर ३० वर्षांचं कर्ज ६८ व्या वर्षी संपणार, तेव्हा हप्ता पेन्शनमधून जाणार का हे घरात बसून बोला.

माझं मत विचाराल तर २० वर्षांचं घ्या. महिन्याचं गणित खरंच बसत नसेल, मुलांच्या फिया वगैरे आहेत, तर मुदत वाढवून घ्या पण वरचे पैसे स्वतः भरत राहा. ३० वर्षांच्या कर्जात दर महिन्याला ते ४,९४५ वेगळे भरले तर ते बरोबर २० वर्षांतच संपतं, कारण बँकेला मुद्दल किती बाकी आहे एवढंच कळतं. फक्त असं नेमाने भरणारं माणूस मी फार कमी बघितलंय.

आणि कर्जाच्या बाहेरचा खर्च धरायला विसरू नका. पुणे महापालिकेच्या हद्दीत स्टॅम्प ड्युटी ७ टक्के, म्हणजे ६५ लाखांवर साडेचार लाखांच्या वर, शिवाय रजिस्ट्रेशनचे ३० हजार. फ्लॅट फक्त तुमच्या एकटीच्या नावावर घेतलात तर बायकांना १ टक्का सवलत आहे, ६५ हजार सरळ वाचतात, विचार करा. बांधकाम चालू असेल तर ५ टक्के जीएसटी वेगळा. स्टॅम्प ड्युटीचे पैसे होम लोनमध्ये बसवून मिळत नाहीत, म्हणून कितीतरी जण ऐन वेळी पर्सनल लोन घेतात आणि ते सगळ्यात महाग पडतं. ही रक्कम आधी बाजूला काढा, मग फ्लॅट ठरवा.

अजून एक. सही करायच्या दिवशी तुमच्यापुढे एक इन्शुरन्सचा फॉर्म येईल, 'एकदाच प्रीमियम, लोनमध्येच टाकून देतो, तुम्हाला काही भरायचं नाही' असं म्हणत. १ लाख २० हजारांचा प्रीमियम कर्जात घातला तर वीस वर्षांत तो अडीच लाखांना पडतो. विमा हवाच, घरात एक कमावतं माणूस असेल तर नक्कीच हवा, पण तो त्याच बँकेकडून घ्यायची कायद्याने सक्ती नाही. बाहेरून साधा टर्म प्लॅन घ्या आणि दर वर्षी प्रीमियम भरा.

जुलै २०२१ मध्ये ३५ लाखांचं कर्ज घेतलं, ६.७५ टक्के, २० वर्षं, हप्ता २६,६१३. मग व्याज वाढत गेलं. हप्ता २८,५०० झाला आणि तरी २०२३ मध्ये अ‍ॅपवर शेवटचा हप्ता २०४९ दाखवत होतं, झोप उडाली. आता दर उतरून ८ टक्के झालाय, बाकी ३२ लाख ७० हजार आहे आणि अ‍ॅप २०४४ दाखवतंय. दर उतरले ना, मग २०४१ का येत नाही? साडेचार वर्षं हप्ते भरून अडीच लाखसुद्धा फिटले नाहीत? — एक वाचक, नाशिक

दादा, तुमच्यासारखी पत्रं खूप येतात, २०२१ ला कर्ज घेतलेल्या सगळ्यांची हीच गोष्ट आहे.

तुमचं कर्ज रेपो रेटला, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते त्या दराला, बांधलेलं आहे. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवीन फ्लोटिंग, म्हणजे दर बदलत राहणारी, होम लोन अशी बाहेरच्या दराला जोडायचा नियम आहे, आणि बहुतेक बँकांनी रेपोच धरला. तुम्ही घेतलंत तेव्हा रेपो होता ४ टक्के, त्यावर बँकेचा स्प्रेड, म्हणजे बँक स्वतःचा म्हणून वर लावते तो दर, २.७५, झाले ६.७५. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेने रेपो ४ वरून ६.५ वर नेला, तुमचा दर झाला ९.२५. त्या दराने तुमच्या बाकीवर महिन्याचं व्याजच २६ हजारांच्या वर जात होतं. जुना २६,६१३ चा हप्ता तसाच ठेवला असता तर मुद्दलात जेमतेम पाच-साडेपाचशे रुपये गेले असते आणि कर्ज संपायला चाळीसच्या वर वर्षं लागली असती. बँकेने थोडा हप्ता वाढवला, बाकीचं मुदतीवर ढकललं. म्हणून २०४९.

२०२५ मध्ये रेपो टप्प्याटप्प्याने ५.२५ पर्यंत उतरला आणि तुमचा दर ८ वर आला. पण २०२१ चे ४ टक्के काही परत आलेले नाहीत, तुम्ही अजून सव्वा टक्का वरच आहात, आणि मधली जी वर्षं ९.२५ ने गेली त्यात मुद्दल फारसं उतरलं नाही. ते नुकसान झालं ते झालं. उरलेलं मात्र तुमच्या हातात आहे.

हप्ता २८,५०० वरून साधारण ३०,७३० करा, म्हणजे महिन्याला सव्वादोन हजार जास्त. कर्ज पुन्हा जुलै २०४१ ला संपतं आणि व्याजाचे जवळपास ५ लाख वाचतात. त्यासाठी शाखेत लेखी अर्ज द्या. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने बँकांना स्पष्ट सांगितलंय की दर बदलला की ग्राहकाला त्याचा परिणाम कळवायचा आणि हप्ता वाढवायचा की मुदत की दोन्ही थोडं थोडं, हे निवडायची संधी द्यायची. तेव्हा 'सिस्टीममध्ये होत नाही' हे उत्तर ऐकून परत येऊ नका.

त्याच फेरीत स्प्रेडचंही विचारा. नवीन गिऱ्हाइकाला तीच बँक कमी स्प्रेडने देत असते आणि जुना गप्प बसलेला असतो. थोडी कन्व्हर्जन फी घेऊन अर्धा टक्का कमी झाला आणि हप्ता ३०,७३० च ठेवलात तर आणखी दहा हप्ते वाचतात. ऐकत नसतील तर दुसऱ्या बँकेत बॅलन्स ट्रान्सफरचं बघा, पण तिथली प्रोसेसिंग फी, वकिलाची फी, परत गहाणखताची स्टॅम्प ड्युटी हे सगळं मोजून मगच. आणि ट्रान्सफर करताना मुदत परत २० वर्षांची करून देतील, तिथे लक्ष ठेवा, हप्ता एकदम कमी दिसतो आणि माणूस खूश होऊन येतो.

कर्ज ५० लाखांचं, ८.५ टक्के, दोन वर्षं झाली. बोनसचे ३ लाख आलेत, भरतोय. बँक विचारतेय हप्ता कमी करू की मुदत? — एक वाचक, ठाणे

मुदत. आज तुमची बाकी ४७ लाख ९२ हजारच्या आसपास असणार. ३ लाख भरून हप्ता ४३,३९१ च ठेवलात तर सुमारे २९ हप्ते कमी होतात आणि व्याजाचे साडेनऊ लाख वाचतात. हप्ता कमी करून घेतलात तर तो ४०,६७५ होतो आणि व्याजात पावणेतीन-तीन लाखच वाचतात. ते महिन्याचे २,७०० रुपये तुम्ही कुठे नीट गुंतवणार असाल तर एवढं बिघडत नाही, पण ते किराणात आणि पेट्रोलमध्येच जातात. फ्लोटिंग कर्जावर घर घेणाऱ्या माणसाकडून प्रीपेमेंटचा दंड घेता येत नाही, बँकांना हे २०१२ पासून बंद आहे, त्यामुळे तीन लाख जमायची वाट बघायचीही गरज नसते, वीस-पंचवीस हजार आले की भरत जा. फक्त सहा महिन्यांचे हप्ते बँकेत राहू द्या आणि मग उरलेलं भरा. नोकरी गेली तर भरलेले तीन लाख बँक परत देत नाही.

टॅक्स वाचतो म्हणून कर्ज लवकर फेडू नका असं आमचे सीए म्हणतात. — एक वाचक, कोल्हापूर

जुन्या करपद्धतीत आहात का ते आधी बघा. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर तिथे वर्षाला २ लाखांपर्यंतच वजावट आहे, ३० टक्क्यांच्या स्लॅबमध्ये सेस धरून फार तर ६२,४०० रुपये वाचतात. ५० लाखांच्या कर्जात पहिल्याच वर्षी व्याज जातं ४ लाख २१ हजार. नवीन करपद्धतीत राहत्या घरावर ही वजावटच नाही. तेव्हा साठ हजारांसाठी चार लाख भरत राहायचा सल्ला मला तरी पटत नाही, मुदत संपत आलेली असेल तर अजिबातच नाही.

मागच्या महिन्यात कर्ज फिटलं, बँक ओरिजिनल कागद देत नाहीये, फाईल सेंट्रल ऑफिसला आहे म्हणतात. — एक वाचक, डोंबिवली

पूर्ण फेड झाल्यापासून ३० दिवसांत कागद द्यायलाच पाहिजेत. १ डिसेंबर २०२३ पासून नियम आहे, बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५ हजार रुपये भरपाई. फेडल्याची तारीख आणि हा नियम घालून ईमेल करा, तोंडी बोलू नका, फाईल बरोबर सापडते. कागद मिळाले की मूळ करारनामा, इंडेक्स टू म्हणजे नोंदणीचा उतारा, आधीच्या मालकाचे करार असतील तर तेही पानं मोजून घ्या. नो ड्यूजचं पत्र घ्या, महिन्या-दीड महिन्याने सिबिलमध्ये खातं बंद दाखवतंय का बघा, आणि सब-रजिस्ट्रारकडे बोजा नोंदवलेला असेल तर तो उतरवून घ्या. सोसायटीच्या रजिस्टरलाही बँकेचं नाव चढवलेलं असतं, हे सगळेच विसरतात. नो ड्यूजची एक झेरॉक्स सेक्रेटरीला द्या आणि पोच घ्या.