मॉस्कोत शिरलेला पोलिश सेनापती कोण?

प्रश्न : पाठीला पंख लावलेल्या पोलिश घोडेस्वारांचे व्हिडिओ बघताना ऐकलं की पोलंडने एकदा मॉस्कोच घेतलं होतं. खरंय का? तो सेनापती म्हणजे व्हिएन्ना वाचवणारा सोबिएस्कीच का? (एक वाचक, नाशिक)

उत्तर : हो, खरंय, आणि तेही नेपोलियनच्या 200 वर्षं आधी. पण तो सोबिएस्की नव्हे, सोबिएस्की त्याचा पणतू. सेनापतीचं नाव स्तानिस्लाव झोल्कियेव्स्की, जन्म 1547चा, लव्हिव्हजवळचा, म्हणजे आजच्या युक्रेनमधला. तरुणपणी पोलंडचा बडा सेनापती यान झामोयस्कीच्या हाताखाली तयार झाला, 1588 मध्ये बिचिनाच्या लढाईत गुडघ्याला जखम झाली आणि मग आयुष्यभर तो लंगडतच चालला.

4 जुलै 1610, रशियातलं क्लुशिनो गाव. याच्याकडे साधारण साडेसहा हजार माणसं, समोर रशियन आणि त्यांचे भाडोत्री परदेशी सैनिक मिळून 30 हजारांच्या वर. रात्रभर जंगलातून चालून पहाटे पोचले तर मध्ये गावाचं कुंपण, त्यातल्या अरुंद फटींतून हुसार, म्हणजे तेच पंखवाले, पुन्हा पुन्हा चाल करून जात राहिले, काही तुकड्या तर आठ-दहा वेळा! शेवटी भाडोत्री सैनिक फुटले, बरेचसे याच्याच बाजूला आले.

पण मला विचाराल तर त्याचं मोठेपण लढाईपेक्षा पुढच्या दोन महिन्यांत दिसतं. मॉस्कोतल्या सरदारांनी झार वासिली शुइस्कीला गादीवरून खाली खेचलंच होतं, झोल्कियेव्स्कीने त्यांच्याशी बोलणी करून ऑगस्टमध्ये करार केला की आमच्या राजाचा 15 वर्षांचा मुलगा व्वादिस्वाफ तुमचा झार होईल, तुमच्या धर्माला हात लागणार नाही. मग ऑक्टोबरमध्ये त्याचं सैन्य रात्री गुपचूप मॉस्कोत शिरलं, लढाई न करता. राजा तिसरा झिग्मुंटला मात्र मुलाऐवजी स्वतःलाच गादी हवी होती आणि स्मोलेन्स्क या रशियन शहराला त्याने घातलेला वेढाही उठवायचा नव्हता. झोल्कियेव्स्की स्वतः स्मोलेन्स्कच्या छावणीत समजवायला गेला, राजा ऐकला नाही. झालं, सगळं फिसकटलं! मॉस्कोत लोक उठले आणि 1612 मध्ये क्रेमलिनमधल्या उपाशी पोलिश शिबंदीने शरणागती पत्करली. त्याची आठवण म्हणून रशियात आज 4 नोव्हेंबरला सुट्टी असते.

तो निव्वळ संत होता असंही समजू नका, 1596 मध्ये नालिवायको या पुढाऱ्याच्या बंडात शरण आलेल्या कोसॅकांची, म्हणजे युक्रेनमधल्या लढवय्यांची, कत्तल झाली ती याच्याच सैन्याकडून.

शेवट 1620चा. वय 73, त्सेत्सोराला (तेव्हाच्या मोल्दाव्हियात, आजच्या रोमानियात) तुर्क आणि त्यांच्या बाजूच्या तातार घोडेस्वारांपुढे टिकाव लागेना म्हणून गाड्यांचा चालता कोट करून सैन्य नीस्तर नदीकडे मागे निघालं, आठवडाभर लढत लढत. पोलंडची सरहद्द अगदी जवळ आली आणि नेमकी तेव्हाच सैन्यातली शिस्त मोडली, लोक पळाले. तो पळाला नाही, मारला गेला. त्याचं डोकं इस्तंबूलला सुलतानाकडे पाठवलं, ते त्याच्या बायकोने, रेगिनाने, खंडणी भरून परत आणलं आणि त्यानेच वसवलेल्या झोव्क्वा गावात त्याला पुरलं.