पेटी आहे, घुबड नाही

प्रश्न : ताई, बागेतल्या उंच झाडावर घुबडासाठी लाकडी पेटी लावून दीड वर्ष झालं. रात्री अधूनमधून आवाज येतो, पण पेटीकडे कोणी फिरकत नाही. आलंच तर दिसावं म्हणून पेटीशेजारी छोटा दिवाही लावलाय. आमचं काय चुकतंय?

उत्तर : आधी तो दिवा काढा, मग बाकीचं बोलू. घुबडाला तुमच्या उजेडाची गरज नाही. अशा पेटीत येतं ते गव्हाणी घुबड, आणि त्याचे दोन कान वेगवेगळ्या उंचीवर असतात. त्यामुळे खालची सळसळ नेमकी कुठून आली हे त्याला कळतं, आणि मिट्ट काळोखातही ते उंदीर उचलतं. दिवा लागतो तो आपल्याला, बघायला.

हाच हावरेपणा मीही केलाय. माझ्या पहिल्या पेटीचं दार मी तळाला लागूनच ठेवलं होतं, कारण मला खालून आतलं दिसायला हवं होतं. त्यात पिल्लं झाली असती तर पहिल्याच धडपडीत खाली आली असती. दाराच्या खालच्या कडेपासून तळापर्यंत निदान 45 सेंटीमीटर खोली हवी. दार साधारण 13 सेंटीमीटर चौकोनी पुरतं. तळाला निचऱ्याची भोकं पाडा. (मी पाडली नव्हती. पहिल्या पावसात पेटीचा हौद झाला.) पेटी जमिनीपासून तीन मीटरच्या वर असावी आणि उडत येताना दारासमोर फांद्या आडव्या येऊ नयेत. आत गवत-कापूस काही नको. हे घुबड घरटं विणत बसत नाही, स्वतःच ओकलेल्या गोळ्यांच्या भुग्यावर अंडी घालतं.

त्या गोळ्यांवरूनच तुमच्याकडे घुबड खरंच बसतं का हे कळेल. ते उंदीर अख्खा गिळतं आणि न पचलेली हाडं-केस एकत्र गोळा करून बाहेर टाकतं. झाडांखाली, भिंतीच्या कडेला शोधा. अंगठ्याएवढी काळपट गोळी सापडली तर हातमोजे घालून पाण्यात भिजवा आणि चिमट्याने उकला. मला एकीत तीन कवट्या मिळाल्या होत्या. दोन कवट्यांत पुढच्या लांब दातांमागे मोकळी जागा होती, म्हणजे उंदीर. तिसरीत टोकदार दातांची सलग रांग होती, ती चिचुंद्री. त्या दिवशी माझा स्वयंपाक दुपारी तीनला झाला.

आणि हो, माझी पेटी. दुरुस्त करून पुन्हा लावली तर आधी साळुंक्या राहून गेल्या, मग मधमाश्यांनी ताबा घेतला. घुबड आलं तिसऱ्या वर्षी, पण ते पेटीत नाही, कोपऱ्यातल्या वठलेल्या झाडाच्या ढोलीत. ते झाड पाडून टाका म्हणून घरातले सगळे माझ्या मागे लागले होते. मी पाडलं नाही, त्यात शहाणपण काही नव्हतं, आळस होता. तुमच्याकडे असं वठलेलं खोड असेल आणि ते घरावर किंवा वाटेवर पडण्याची भीती नसेल, तर राहू द्या. धोका वाटला तर वरच्या फांद्या उतरवून बुंधा तरी ठेवा.

प्रश्न : उंदरांसाठी बागेत औषध टाकतो. घुबड आलं तर त्याला काही होणार नाही ना? औषध फक्त बिळातच टाकतो.

उत्तर : औषध बिळात राहतं, उंदीर राहत नाही. रक्त गोठू न देणारी ही विषं खाल्ल्यावर उंदीर लगेच मरत नाही, काही दिवस जातात. तेवढ्यात तो मंदावतो, उघड्यावर रेंगाळतो, म्हणजे घुबडाला सगळ्यात सोपी शिकार तोच. विष उंदराच्या यकृतात साठलेलं असतं आणि असे चार उंदीर खाणाऱ्या घुबडाच्याही अंगात ते साठत जातं. म्हणून घुबड आणि विष, दोन्ही एका बागेत नको. पक्ष्यांसाठी टाकलेले दाणे रात्री उचला, कचऱ्याला झाकण ठेवा, घराच्या भिंतीतली भोकं बुजवा. पकडायचेच असतील तर खटक्याचा सापळा एखाद्या खोक्यात झाकून लावा. चिकट पट्टी मात्र आणूच नका, तिला सरडे आणि लहान पक्षीही चिकटतात.

प्रश्न : पालापाचोळा झाडू नका असं तुम्ही मागे लिहिलं होतं. साप आले तर?

उत्तर : दाराशी ठेवा असं नव्हतं लिहिलं! पायवाट आणि घरालगतची जागा स्वच्छ झाडा, ढीग लांबच्या कोपऱ्यात करा आणि तिथे उघड्या हाताने उकरू नका. त्या ढिगात भुंगेरे, गोगलगायी, बेडूक राहतात आणि छोट्या घुबडांचं निम्मं जेवण किड्यांचंच असतं. शेजारी एक पसरट भांडं ठेवा, पाणी चार-पाच सेंटीमीटरच, मध्ये खरबरीत दगड. दर दोन दिवसांनी ओतून घासा, नाहीतर डासांची सोय कराल.

प्रश्न : झाडाखाली घुबडाचं पिल्लू सापडलंय. पिसं आहेत, उडता येत नाही. खोक्यात ठेवलंय. काय खायला देऊ?

उत्तर : काहीही देऊ नका, पाणीसुद्धा चोचीत ओतू नका. नीट उडायला येण्याआधीच ही पिल्लं फांद्यांवर भटकतात आणि कधी खाली येतात. जखम नसेल तर जाड कापडात धरून, त्याच झाडाच्या हाताला येईल तेवढ्या उंच फांदीवर संध्याकाळी बसवा. माणसाचा हात लागला म्हणून आईबाप टाकून देत नाहीत. पंख लोंबत असेल किंवा रक्त दिसत असेल तर खोकं अंधारात ठेवून वन्यप्राण्यांवर उपचार करणाऱ्या जवळच्या केंद्राला लगेच कळवा. आणि तुमचं मांजर आज रात्री घरात.