लॅपटॉपला कुलूप लावलंत, पण पोराला विचारलंत का?

दादा, तुमचं पत्र दोनदा वाचलं. मुलगा बारावी सायन्सला, अकरावीत 58 टक्के, रात्री दोन-दोन वाजेपर्यंत माइनक्राफ्ट या गेमचे मॉड, म्हणजे गेममध्ये नवं काही घालणारे प्रोग्राम, बनवतो म्हणून लॅपटॉप कपाटात टाकून कुलूप लावलं, आता करिअरचं सांगा. सांगते, पण मध्येच तुम्ही एक ओळ लिहून पुढे गेलात, 'त्याच आठवड्यात एकदा गेमवरून रडला, तेव्हापासून नीट जेवत नाही'. मी तिथेच अडकले. का रडला, विचारलंत?

त्याची चिठ्ठी सोबत जोडलीत म्हणून मला कळलं. 'नवीन व्हर्जनवर माझी बॅग रिकामी उघडते, सगळे शिव्या देतात.' 2024 च्या 1.20.5 अपडेटमध्ये गेमने वस्तूंची माहिती साठवायची पद्धतच बदलली, जावा या प्रोग्रामिंग भाषेची 21 ही आवृत्ती सक्तीची झाली, भल्याभल्यांचे मॉड त्यात बंद पडले. त्याच्या मॉडमधल्या बॅगेत लोकांनी जमवलेलं सामान दिसेना, सगळा राग 17 वर्षांच्या पोरावर निघाला, आणि ते निस्तरायचं साधन नेमकं तेव्हाच तुमच्या कपाटात. चुकलंच हे तुमचं, स्पष्ट सांगते.

त्याला माझा निरोप द्या: जुना डेटा बहुतेक उडालेला नाही, नव्या पद्धतीतल्या 'कस्टम डेटा' नावाच्या कप्प्यात (कंपोनंटमध्ये) पडून असेल, तिथून वाचून नव्या जागी हलव. आधी गेममधल्या वर्ल्डचा बॅकअप घे, कोड गिटवर ठेव म्हणजे जुन्या प्रती जपल्या जातील, डाउनलोडच्या पानावर 'या व्हर्जनवर बॅग उघडू नका' असं ठळक लिही. क्रॅश लॉग, म्हणजे गेम बंद पडल्याची नोंद, पाठवेल त्याला उत्तर दे, नुसत्या शिव्या देणाऱ्याला सरळ ब्लॉक कर, त्यात कमीपणा नाही.

आणि तुमचा तो गैरसमज, की हा 'खेळत' बसतो. अहो, दुसऱ्याने लिहिलेला हजारो ओळींचा जावा कोड वाचून त्यात आपलं काहीतरी बसवणं, ते मोडलं की शोधून दुरुस्त करणं, अनोळखी लोकांच्या तक्रारी झेलणं, सॉफ्टवेअरच्या नोकरीत रोज हेच करतात. काउंटर-स्ट्राइक हा गाजलेला गेम सुद्धा 1999 ला दोघांनी बनवलेला, हाफ-लाइफ या दुसऱ्या गेमचा मॉडच होता. सगळ्यांचं तसं होत नाही, त्या भरवशावर बारावी सोडू नये, पण शिकलेलं वाया जात नाही.

सीईटी द्यायला लावा, इंजिनिअरिंग नाही जमलं तर बीसीए किंवा बीएस्सी आयटी, काही बिघडत नाही. लाखांचा गेमिंग कोर्स आत्ता नको.

लॅपटॉप आजच द्या, रात्री अकराला बंद एवढंच ठरवा, तेही त्याला विचारून. आठवडाभरात जेवण-झोप सुधारली नाही तर टेलि-मानस या मानसिक आरोग्याच्या हेल्पलाइनचा 14416 लावा, सरकारी आहे, फुकट आहे, मराठीत बोलता येतं.