बर्लिनची भिंत असताना पश्चिम बर्लिनमधल्या लोकांना पलीकडच्या नातेवाईकांना भेटता यायचं का?

यायचं, पण सुरुवातीला दोन वर्षं जवळजवळ नाहीच. 13 ऑगस्ट 1961 ला हद्द बंद झाली आणि दहा-एक दिवसांत पश्चिम बर्लिनकरांना पूर्वेत जायचा रस्ताच उरला नाही. गंमत नाही, चीड येते अशी गोष्ट म्हणजे परदेशी माणूस पासपोर्ट दाखवून चेकपॉइंट चार्ली या हद्दीवरच्या नाक्यावरून जाऊ शकत होता, बाकीच्या पश्चिम जर्मनीतले लोकही दिवसाचा परवाना काढून जात होते, आणि ज्याची आई दोन गल्ल्या पलीकडे राहते त्यालाच बंदी!

मग 17 डिसेंबर 1963 ला पश्चिम बर्लिन आणि पूर्व जर्मनी यांच्यात पलीकडे जायच्या पासचा करार झाला, तोही फक्त 19 डिसेंबर ते 5 जानेवारी, नाताळापुरता. आईबाप, मुलं, भावंडं, आजीआजोबा, काका-मामा-मावशी असे जवळचे नातेवाईकच चालायचे, जिवलग मित्र असला तरी नाही. पश्चिमेतल्या शाळांमध्ये वगैरे काउंटर मांडले आणि तिथे अर्ज घ्यायला पूर्वेकडचे पोस्टाचे कर्मचारी बसवले, कारण पूर्व जर्मनीच्या सरकारला पश्चिमेची मान्यताच नव्हती, मग त्यांचा सरकारी अधिकारी आपल्या हद्दीत कसा बसू द्यायचा? करारात तर चक्क लिहिलंय की जागांची आणि खात्यांची नावं काय लिहायची यावर दोन्ही बाजूंचं एकमत झालं नाही. तरीही सह्या झाल्या, आणि मला तरी हे त्या लोकांचं मोठेपण वाटतं, नावावर अडून बसले असते तर म्हाताऱ्या आया तशाच वाट बघत राहिल्या असत्या.

थंडीत तासन् तास रांगा, आधी अर्जासाठी, मग पास घ्यायला परत, आणि गेलात की रात्री बाराच्या आत माघारी. तरी त्या अडीच आठवड्यांत सुमारे 12 लाख भेटी झाल्या.

पुढे असे आणखी तीन करार झाले, 1966 नंतर तेही बंद, घरात जन्म, लग्न, मृत्यू किंवा गंभीर आजारपण असं काही तातडीचं असलं तरच पास, ते थेट 1972 पर्यंत. उलट बाजूने 1964 च्या नोव्हेंबरपासून पूर्वेतल्या पेन्शनरांना पश्चिमेत यायला मिळायला लागलं, कामाच्या वयाच्यांना नाही.

बर्लिनला गेलात तर फ्रीडरिशश्ट्रासं स्टेशनजवळचा ‘अश्रूंचा महाल’ बघा. भेटायला आलेल्यांनी परत जाताना निरोप घ्यायचा तो हॉल, 1962 चा. तिथली पासपोर्ट तपासायची चिंचोळी केबिन अजून आहे, मी आत उभा राहिलो तर दोन्ही खांदे भिंतीला लागायला आले.