फर्नांडिसमधला 'इस' आणि डिसोझामधला 'डि'

प्रश्न असा आला आहे: फर्नांडिस, लोपीस, नुनीस, मेनेझिस या वसई-गोव्याकडच्या आडनावांच्या शेवटी येणारा 'इस' म्हणजे आपल्या 'कर'सारखा गाव सांगणारा प्रत्यय का? आणि डिसोझा, डिमेलोमधला 'डि' कुठला?

उत्तर नेमकं उलटं आहे. 'कर'चं काम 'डि' करतो. 'इस' सांगतो तो बाप. वसुदेवाचा मुलगा वासुदेव, पंडूचे पांडव, तसा फर्नांदोचा तो फर्नांदिस. संस्कृतातल्या अपत्यार्थी प्रत्ययाचाच हा पोर्तुगीज भाऊबंद, फक्त तिथे शब्दाच्या पहिल्या स्वराला वृद्धी नाही (म्हणजे 'व'चा 'वा' होत नाही), मागे शेपूट तेवढं लागतं. रॉड्रिगोचा रॉड्रिग्ज, नूनोचा नुनीस, गोन्सालोचा गोन्सालविस (वसईत याचा 'घोन्सालविस' झाला), लोपोचा लोपीस. काही नावं वापरून वापरून इतकी झिजली की बाप ओळखू येत नाही: डायस हा दियोगोचा आणि वाझ हा वास्कोचा. स्पॅनिशमध्ये हीच पद्धत आहे, फक्त शेवटी 'एस'ऐवजी 'झेड' लिहितात. त्यामुळे रोमन लिपीतलं शेवटचं अक्षर पाहिलं की आडनाव साधारण कुठल्या बाजूचं ते कळतं.

मुळात हे आडनाव नव्हतंच, दर पिढीला ते बदलायचं. उत्तम उदाहरण म्हणजे 'एल सिद' म्हणून गाजलेला, स्पेनमधल्या कास्तिल राज्याचा योद्धा. 1099 साली तो वारला. त्याचं खरं नाव रॉड्रिगो डियाझ, म्हणजे दिएगोचा मुलगा रॉड्रिगो. बाप दिएगो लाइनेझ, म्हणजे लाइनचा मुलगा. आणि एल सिदचा मुलगा? दिएगो रॉड्रिगेझ. सख्ख्या आजोबा, बाप, नातवाची तीन वेगळी 'आडनावं', आणि तिन्ही बरोबर! पोर्तुगालचा पहिला राजा अफोन्सो हेन्रिकेस हाही असाच, हेन्रिक नावाच्या सरदाराचा मुलगा. मध्ययुगाच्या अखेरीकडे हे शेपूट गोठलं आणि बापाचं नाव काहीही असो, घराण्याला तेच चिकटून राहिलं.

आता या बापांच्या नावांकडे वळू, कारण खरी गंमत तिथे आहे. फर्नांदो, रॉड्रिगो, अफोन्सो, हेन्रिक ही नावं पोर्तुगीज असली तरी लॅटिन नव्हेत. ती जर्मानिक आहेत, म्हणजे जर्मन-इंग्रजीच्या भाषाकुळातली. पाचव्या शतकात व्हिसिगॉथ या जर्मानिक टोळ्या स्पेन-पोर्तुगालात शिरल्या आणि 711 साली अरबांनी त्यांचं राज्य बुडवलं. त्यांची भाषा विरून गेली, नावं मात्र मागे राहिली. ज्या राजाच्या काळात राज्य बुडालं त्याचं नावही रॉड्रिगोच होतं.

जर्मानिक नावं आपल्या सामासिक नावांसारखी दोन पदांची असतात. रॉड्रिगोत पहिलं पद 'ह्रोथ', म्हणजे कीर्ती, आणि दुसरं 'रीक', म्हणजे सत्ताधीश. हा 'रीक' लॅटिन 'रेक्स' आणि संस्कृत 'राजन्' यांच्या कुळातला. 'ह्रोथ'लाही भाषाशास्त्रज्ञ संस्कृत 'कीर्ती'शी जोडतात. म्हणजे रॉड्रिगोचं मराठी भाषांतर 'कीर्तिराज' केलं तर ते नुसतं अर्थाने नाही, धातूंनीही जवळचं ठरेल. मला तरी याहून सुंदर जुळणी अजून सापडलेली नाही. फर्नांदोचं दुसरं पद 'नांथ' म्हणजे धाडसी. पहिलं प्रवासाचं की शांततेचं यावर विद्वानांचं एकमत नाही. जॉर्ज हे नाव ग्रीक, अर्थ 'जमीन कसणारा'. तेव्हा मुंबई बंद पाडणाऱ्या जॉर्ज फर्नांडिस यांच्या नावाचा शब्दशः अर्थ होतो 'शेतकरी, धाडसी माणसाचा पोर'. त्यांना तो शोभलाही असता.

लोपो मात्र लॅटिन, 'लुपुस' म्हणजे लांडगा. त्याच शब्दाचं दुसरं रूप 'लोबो'. म्हणजे लोबो हे आपले लांडगे आणि लोपीस हे लांडग्याचे पोर. याच धर्तीवर मच्याडो म्हणजे कुऱ्हाड (आपले कुऱ्हाडे), कुएल्यो म्हणजे ससा, परेरा म्हणजे नाशपातीसारख्या फळाचं झाड, आणि कार्व्हालो म्हणजे ओक. आपले ओक नव्हेत, ओकवृक्ष.

'डि'चा मामला सोपा आहे. 'दे' म्हणजे 'चा'. सोझा ही उत्तर पोर्तुगालमधली नदी, दोरू नदीला मिळते. तेव्हा डिसोझा म्हणजे सोझेकर. कोस्टा म्हणजे किनारा, त्याला स्त्रीलिंगी उपपद लागून मूळ रूप 'दा कोश्ता' होतं. इंग्रजी अमदानीत 'दे', 'दा' सगळ्यांचा एकच डी आणि वर स्वल्पविरामासारखं चिन्ह झालं. पोर्तुगीज लोक ते चिन्ह फक्त स्वरापूर्वी वापरत, सोझासारख्या व्यंजनाआधी नाही. म्हणून रोमन लिपीत ते चिन्ह घालून डिसोझा लिहिणं हे आपल्याकडचं. 'द'चा 'ड'सुद्धा इंग्रजीच्या वाटेने आला. उस्मानाबादच्या 2020च्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष फादर फ्रान्सिस आपलं आडनाव 'दिब्रिटो' लिहीत, ते मूळ उच्चाराला जास्त धरून आहे.

एक इशारा. शेवटी 'इस' दिसला की बाप शोधायला निघू नका. मेनेझिस हे मेनेसेस या स्पेनमधल्या गावावरून आलेलं, म्हणजे ते 'कर' गटातलं. टॉरिस म्हणजे बुरूज, तिथला 'स' निव्वळ अनेकवचनाचा. आणि कृपा करून 'रॉड्रिग्यूज' म्हणू नका. तिथला 'यू' फक्त 'ग'चा 'ज' होऊ नये म्हणून पहाऱ्याला उभा केलेला आहे, त्याला उच्चार नाही. लिस्बनमध्ये तर आज 'इस'ही नीट ऐकू येत नाही, 'फर्नांद्श' एवढंच कानावर पडतं.

राहिला वसई-गोव्याचा मुद्दा. पोर्तुगीजांनी 1510 साली गोवा घेतला, 1534 साली वसई त्यांच्याकडे गेली आणि 1739 साली चिमाजी अप्पांनी ती परत जिंकली. या काळात बाप्तिस्म्याच्या वेळी धर्मपित्याचं किंवा बाप्तिस्मा देणाऱ्या धर्मगुरूचं आडनाव देण्याची पद्धत होती. त्यामुळे इथल्या फर्नांडिसांच्या वंशवेलीत कुणी फर्नांदो असायचं कारण नाही, आणि आडनाव पोर्तुगीज म्हणून रक्तही पोर्तुगीज असा अर्थ काढणं चूकच. शेपूट आलं ते गोठलेलंच आलं. खऱ्या बापाचं नाव शाळेच्या दाखल्यावर आपल्या मराठी रिवाजाप्रमाणे मधे लिहिलं जातं, आणि तिथे पुन्हा दर पिढीला ते बदलतं.