‘तोच हा’ म्हणणारी साक्षीदार

प्रश्न : माझ्या भाच्याला जबरी चोरीच्या खटल्यात सत्र न्यायालयाने सात वर्षांची शिक्षा दिली. जुलै २०२३ मध्ये म्हापशाजवळ रात्री स्कूटरवरच्या एका बाईला सुरा दाखवून कोणीतरी तिचं मंगळसूत्र नेलं. पाऊस होता, चोराने रेनकोटची टोपी ओढलेली. भाच्याला पकडल्यावर त्याचा फोटो व्हॉट्सॲपवर गावभर फिरला आणि ओळख परेड त्यानंतर सात आठवड्यांनी झाली. मंगळसूत्र, सुरा, काहीच सापडलं नाही. ती बाई कोर्टात रडत म्हणाली, “हा चेहरा मी जन्मात विसरणार नाही.” ती खोटं बोलते हे अपिलात कसं सिद्ध करायचं?
— एक मावशी, डिचोली

उत्तर : ताई, ती खोटं बोलते असं म्हणूच नका. तसं म्हटलंत की पर्वरीला, उच्च न्यायालयात, न्यायमूर्ती पहिला प्रश्न विचारतील, तिचं याच्याशी वैर काय? वैर नाहीच. ती मनापासून बोलतेय आणि तरीही चुकलेली असू शकते. तुमचं अख्खं अपील या एका वाक्यावर उभं राहायला हवं.

सुरा समोर आला की नजर पात्यावर खिळते. त्यात अंधार, पाऊस, टोपी आणि जेमतेम काही क्षण. पुढे तो फोटो तिच्याही मोबाईलवर आला असेल, तर परेडमध्ये तिने रस्त्यावरचा माणूस ओळखला की फोटोतला, हे तिचं तिलाही सांगता येणार नाही. म्हणून उलटतपासणीत फोटोबद्दल तिला विचारलं होतं का आणि ती काय म्हणाली, ते आधी बघा.

मग तिची पहिली जबानी काढा, त्याच रात्रीची. त्यात चोराचं वर्णन काय आहे? “उंच, सावळा, काळा रेनकोट” एवढंच असेल आणि तुमच्या भाच्याच्या हनुवटीवर लांबूनही दिसणारा व्रण असेल, तर तो तिला तेव्हा का दिसला नाही?

परेडचा पंचनामा तर ओळ न् ओळ वाचा. मुंबई उच्च न्यायालयाच्या फौजदारी नियमपुस्तिकेप्रमाणे एका आरोपीसोबत त्याच्यासारखे दिसणारे किमान सहा जण उभे करायचे असतात. तेवीस वर्षांच्या दाढीवाल्या पोरासोबत चाळिशीची सफाचट माणसं उभी केली, तर ती परेड कसली? पोलीस तिथून बाहेर गेले होते का, आणि पोलीस ठाण्यातून नेताना भाच्याचं तोंड झाकलं होतं का, हेही तपासा. साक्षीदारांना आरोपी आधीच पाहायला मिळाले होते म्हणून सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये केरळच्या एका खटल्यातली शिक्षा रद्द केली आहे.

पण परेड बिघडली म्हणजे सुटका झाली असं मानू नका. परेड हा मूळ पुरावा नसतो, मूळ पुरावा असतो तो कोर्टातली ओळख. साक्षीदार भरवशाची वाटली तर नुसत्या तेवढ्यावरही शिक्षा टिकू शकते. तुमच्या बाजूने मोठी गोष्ट ही की ओळखीला जोड देणारं काहीच सापडलेलं नाही.

एकीपेक्षा जास्त जणींनी ओळखलं तरी चूक होते, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. इंग्लंडमध्ये अडॉल्फ बेक नावाच्या माणसाला १८९६ मध्ये अनेक बायकांनी ‘हाच तो ठग’ म्हणून ओळखलं. तो तुरुंगात गेला, सुटला आणि १९०४ मध्ये तसाच पुन्हा दोषी ठरला. खरा ठग त्यानंतर सापडला. तिथलं फौजदारी अपील न्यायालय १९०७ च्या कायद्याने आलं, त्यामागे हे प्रकरण होतं.

आता घाई करा. उच्च न्यायालयात अपिलाची मुदत शिक्षेपासून ६० दिवस. निकालाची प्रमाणित नक्कल मिळायला लागलेला वेळ त्यातून वगळतात. अपिलाबरोबरच शिक्षा स्थगित करून जामिनावर सोडण्याचा अर्ज द्या. वकील परवडत नसेल तर गोवा राज्य विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. कोठडीतल्या माणसाला मोफत वकील मिळतो, तिथे उत्पन्नाची अट नाही. जाताना पहिली जबानी, परेडचा पंचनामा, त्या बाईची पूर्ण साक्ष आणि तो व्हॉट्सॲपवरचा फोटो, तारीख-वेळ दिसेल असा, बरोबर न्या.