इलाजांची मारिया : 'रेमेदिओस' या नावाबद्दल वाचकांचे प्रश्न

मागच्या लेखात स्पॅनिश नावांबद्दल लिहिताना 'रेमेदिओस' हे नाव मी एका ओळीत उरकलं होतं. पत्रं नेमकी त्या एका ओळीवर आली. त्यातली काही निवडून उत्तरं देतो आहे. सारख्या प्रश्नांना एकत्र केलं आहे.

माझी मुलगी माद्रिदला शिकते. तिच्या घरमालकीणबाईंचं नाव रेमेदिओस. शब्दकोशात पाहिलं तर 'उपाय, औषधे' असा अर्थ निघाला. मुलीचं नाव कुणी 'औषधे' ठेवतं का? (पुणे)

शब्दकोश खोटा नाही, पण तुम्ही अर्धंच नाव शोधलंत. त्या बाईंच्या ओळखपत्रावर बहुधा 'मारिया दे लोस रेमेदिओस' असं पूर्ण नाव असेल. 'दे लोस' ही आपली षष्ठी, म्हणजे 'रेमेदिओसांची मारिया'. मारिया म्हणजे येशूची आई. रोजच्या वापरात मारिया गळून पडते आणि शेपटीच नाव म्हणून उरते. तुळजापूरच्या भवानीवरून आपण मुलीला 'तुळजा' म्हणतो, तेव्हा शब्दाचा अर्थ कोण बघतं? देवी कुठली ते कळलं की झालं. स्पेनमध्ये ही पद्धत इतकी पसरली की मारियेची जेवढी ठाणी, तेवढी मुलींची नावं. पिलार म्हणजे खांब, पण खांब कुठला, तर सारागोसाच्या देवळातला. मोन्सेरात म्हणजे कातालोनियातला करवतीसारख्या दातांचा डोंगर. रोसिओ म्हणजे दव, पण त्या नावामागे आहे वेल्वा प्रांतातल्या आल्मोन्ते गावाची जत्रा.

आता 'रेमेदिओ' या शब्दाबद्दल. लॅटिन 'रेमेदियुम'पासून तो आला, आणि त्याच्या पोटात बरं करणे या अर्थाचा जो धातू आहे, त्याच कुळातून 'मेडिसिन'ही आलं. पण याला मराठी प्रतिशब्द विचाराल तर मी 'औषध' म्हणणार नाही, 'इलाज' म्हणेन. इलाज दुखण्यावर असतो आणि अडचणीवरही असतो. 'काय इलाज!' असं आपण ज्या सुरात म्हणतो, त्याच सुरात स्पॅनिश माणूस खांदे उडवून 'के रेमेदिओ!' म्हणतो. 'नो आय रेमेदिओ' म्हणजे शब्दशः 'इलाज नाही'.

मारियेशी हा शब्द जोडला जाण्याच्या कथेत दुखण्यापेक्षा अडचणच मोठी आहे. ११९८ साली खुआन दे माता या धर्मगुरूंच्या त्रिनितारियो संघाला पोपची मान्यता मिळाली. भूमध्य समुद्रात पकडून उत्तर आफ्रिकेत गुलाम म्हणून ठेवलेल्या ख्रिस्ती कैद्यांना पैसे भरून सोडवून आणायचं, हे या संघाचं काम. खंडणीचा पैसा उभा करायचा कुठून, हा कायमचा घोर. तो मारियेने मिटवला, अशी संघाची परंपरा सांगते, आणि म्हणून ती 'बुएन रेमेदिओ'ची, चांगल्या इलाजाची माता. तिचा सण ८ ऑक्टोबरला. हे काम शतकानुशतकं चाललं. सर्व्हांतेस हा थोर स्पॅनिश लेखक पाच वर्षं अल्जियर्सच्या कैदेत होता. १५८० साली ५०० सोन्याची नाणी मोजून त्याला सोडवलं ते याच संघाच्या एका धर्मबंधूने.

मी स्पॅनिश शिकतो आहे. 'ओ' कारान्त नाम पुल्लिंगी, 'ओस' म्हणजे पुल्लिंगी अनेकवचन, असं वर्गात सांगितलं. मग रेमेदिओस मुलगी कशी? (नागपूर)

नाम पुल्लिंगी अनेकवचनीच आहे. मुलगी आहे ती गळून पडलेल्या मारियेमुळे. कोन्सुएलो (सांत्वन), आम्पारो (आसरा), सोकोर्रो (मदत), रोसारिओ (जपमाळ) ही सगळी पुल्लिंगी नामं आणि सगळी बायकांची नावं. आपल्याकडे कमळ नपुंसकलिंगी, तरी 'कमल आलं' असं कोणी म्हणत नाही. तसंच हे. विशेषण लावताना मात्र स्त्रीलिंगी एकवचनी लावा, नाहीतर मार्क जातील.

अबुधाबीत आमच्या रुग्णालयात 'रेमी' नावाची फिलिपिनो नर्स आहे. पासपोर्टवर रेमेदिओस. नर्सचं नाव 'इलाज' हा योगायोग की मुद्दाम? (अबुधाबी)

योगायोगच, पण गोड आहे. फिलिपिन्सवर स्पेनचं तीनशेहून अधिक वर्षं राज्य होतं, नावं तिथूनच रुजली. मनिलाच्या मालाते भागातलं जुनं चर्च रेमेदिओस मातेचंच आहे. तिथली मूर्ती १६२४ साली स्पेनहून आणली असं सांगतात, आणि गरोदर बायका तिला नवस बोलतात. तेव्हा तुमच्या रेमीच्या आईनं किंवा आजीनं बाळंतपणात काही मागून घेतलं असण्याची शक्यता बरीच आहे. विचारून बघा, बायका अशा गोष्टी आनंदाने सांगतात.

'रेमी' हा तिकडचा संक्षेप. स्पेनमध्ये 'रेमे' म्हणतात. त्या मानाने हा सरळ म्हणायचा, कारण स्पॅनिश घरगुती नावं भलतीच उड्या मारतात. दोलोरेसची लोला, रोसारिओची चारो, कोन्सुएलोची चेलो, कोन्सेप्सिओनची कोंचा. उच्चाराचं म्हणाल तर स्वरांमधला 'द' स्पॅनिश जिभेवर मऊ पडतो, जीभ दातांना जेमतेम लागते. 'ड' मात्र नको.

आमच्या वसईत रमेदी नावाचं गाव आहे, तिथे रेमेदी मातेचं चर्च आहे. रेमेडियोस आडनावाची माणसंही आहेत. हे तेच का? (वसई)

तेच. फक्त तुमच्याकडे ते स्पॅनिशमधून न येता पोर्तुगीजमधून आलं. तिकडचं रूप 'नोसा सेन्योरा दोस रेमेदिउश', इलाजांची आमची माता. १५३४ च्या तहानं वसई पोर्तुगिजांकडे गेली आणि १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी ती घेतली. मधल्या दोनशे वर्षांत चर्चची नावं गावांना चिकटली आणि कोळी-कुपारींच्या तोंडी घासून मराठी होऊन गेली. रमेदीत 'दिउश'चा शेवट झिजला, एवढंच.

याच घरातलं दुसरं नावही तुमच्या शेजारी आहे. वसईचं मर्सेस आणि गोव्यात पणजीजवळची मेरशी ही दोन्ही 'मर्सेस' मातेची, म्हणजे कृपेच्या मातेची गावं. तिचं स्पॅनिश रूप मेर्सेदेस. हो, गाडीवालंच! एमिल येलिनेक या ऑस्ट्रियन व्यापाऱ्यानं १८८९ साली जन्मलेल्या आपल्या मुलीचं नाव मेर्सेदेस ठेवलं होतं, ते पुढे गाडीला लागलं. आणि गंमत बघा, या मातेच्या नावाचा मेर्सेदारियो संघ १२१८ साली बार्सेलोनात निघाला, त्याचंही काम कैदी सोडवण्याचंच. म्हणजे रमेदी आणि मर्सेस या दोन गावांच्या नावांचा उगम शोधत गेलं की आपण भूमध्य समुद्रातल्या एकाच खंडणीच्या हिशेबापाशी येऊन पोचतो. वसईच्या बसमध्ये कंडक्टर ही नावं पुकारतो तेव्हा मला दर वेळी हे आठवतं.

मुंबईत कांदिवलीजवळ पोयसरला, गोव्यात बार्देशातल्या नेरूळला याच मातेची चर्चं आहेत. पण बघायला जायचं तर ६ जानेवारीला गोव्यातच कासावलीजवळच्या कुएलीच्या डोंगरावर जा. वर रेमेदिओस मातेचं छोटं चॅपेल आहे. कासावली, आरोशी आणि कुएली या तीन गावांतली तीन पोरं तीन राजे होतात. डोक्याला मुकुट, अंगात झगे. घोड्यांवर बसून तिघं वेगवेगळ्या वाटांनी डोंगर चढतात आणि वर एकत्र येतात. बाळ येशूला भेटायला आलेल्या तीन राजांचा हा सण आहे, त्यामुळे त्या दिवशी खरी यजमानीण रेमेदिओस आहे हे गर्दीत फार थोड्यांच्या लक्षात येतं.

मेक्सिकोत या मातेच्या मूर्तीला सेनापती केलं होतं असं ऐकलं. खरं आहे? (कोल्हापूर)

खरं आहे, आणि गोष्ट लांब आहे.

मूर्ती एवढीशी आहे. वीतभरापेक्षा जरा मोठी, सुमारे २७ सेंटिमीटर, लाकडी, हातावर बाळ. मेक्सिको जिंकायला निघालेल्या कोर्तेस या स्पॅनिश सेनानीबरोबर तिथे उतरलेल्या एका शिपायानं ती सामानात आणली होती, असं सांगतात. ३० जून १५२० च्या रात्री तिथल्या राज्यकर्त्या अस्तेक लोकांनी स्पॅनिश फौजेला राजधानीतून मारून बाहेर काढलं. स्पॅनिश इतिहासात तिला 'दुःखाची रात्र' म्हणतात. (अस्तेकांनी तिला काय म्हटलं असेल?) पळता पळता ती मूर्ती एका टेकडीवर घायपाताच्या झाडाखाली लपवली गेली आणि तिथेच राहिली. वीसेक वर्षांनी एका स्थानिक सरदाराला ती सापडली. त्याचं मूळ नाव क्वाउत्ली, म्हणजे गरुड. बाप्तिस्म्यानंतरचं नाव खुआन. त्यानं ती घरी नेली, तर ती पुन्हा टेकडीवर! पुन्हा नेली, पुन्हा तेच. देवळाची जागा देवच ठरवतो ही कथा आपल्याकडेही गावोगाव ऐकायला मिळते. नाउकाल्पानला त्या टेकडीवर १५७० च्या दशकात देऊळ उभं राहिलं.

पुढे तिच्याकडे खातं आलं पावसाचं. दुष्काळ पडला की तिची मिरवणूक मेक्सिको शहरात आणायची. पुराचं खातं होतं दुसऱ्या मारियेकडे, ग्वादालुपेकडे. १६२९ च्या महापुरात तिला शहरात आणलं होतं. पाणी हवं तर एक, नको तर दुसरी. कामाची वाटणी चोख होती.

मग १८१० आलं. स्पेनविरुद्ध बंड पुकारताना मिगेल इदाल्गो या धर्मगुरूनं ग्वादालुपेचं चित्र निशाण म्हणून उचललं. तिकडे स्पेनच्या व्हाइसरॉयनं काय करावं? रेमेदिओसची मूर्ती राजधानीच्या कॅथेड्रलमध्ये आणली, सेनापतीचा दंड तिच्या पायाशी ठेवला आणि तिला राजनिष्ठ फौजेची 'खेनेराला' केलं. एकाच मारियेची दोन रूपं दोन्ही बाजूंनी रणात उतरली. ग्वादालुपेची बाजू जिंकली. मेक्सिकोत आज ग्वादालुपे आणि लुपे नावाच्या बायका ढीगभर भेटतात, रेमेदिओस त्या मानाने कमी. याचं कारण एवढंच नाही, पण हेही आहेच. हरलेल्या बाजूची देवी होणं नावाला मानवत नाही.

दोलोरेस म्हणजे दुःखं, आंगुस्तियास म्हणजे तगमग, आणि ही रेमेदिओस. बाळाला इतकी जड नावं? अशुभ नाही वाटत? (सोलापूर)

आपल्याकडे धोंडू, दगडू, भिकाजी होतेच की. मूल जगावं म्हणून ठेवलेली. रेमेदिओस वारो ही चित्रकार १९०८ साली कातालोनियातल्या आंग्लेस गावात जन्मली. तिच्या आधीची बहीण दगावली होती, आणि त्या दुःखावर इलाज म्हणून आईनं या मुलीला रेमेदिओस मातेचं नाव दिलं, असं तिच्या चरित्रांतून सांगितलं जातं. पुढे ती युद्धातून निसटून मेक्सिकोला गेली आणि १९६३ साली तिथेच वारली. फरक असा की आपला धोंडू दृष्टीपासून लपायला होता, आणि स्पॅनिश आई दुःख सरळ मारियेच्या पदरात टाकते. मला दुसरं जास्त मोकळं वाटतं.

हे नाव आता ठेवतात का?

फारसं नाही. हुकूमशहा फ्रँकोच्या काळात नावांवर चर्चची आणि सरकारची करडी नजर असे. १९७७ च्या कायद्यातल्या बदलानंतर आईबापांना मोकळीक मिळाली आणि अशी आजीछाप नावं मागे पडली. स्पेनच्या राष्ट्रीय सांख्यिकी संस्थेच्या संकेतस्थळावर कोणतंही नाव टाका, ते किती जणींचं आहे आणि त्यांचं सरासरी वय काय ते दिसतं. मजेचा उद्योग आहे, एक दुपार जाते.

जावई अंदालुसियाचे. त्यांच्या आजीचं नाव रेमेदिओस. नातीला ते नाव द्यावं असं त्यांच्या मनात आहे. मुलगी म्हणते त्याचं मराठी करून 'औषधी' किंवा 'संजीवनी' ठेवू. तुमचं मत? (ठाणे)

'औषधी' नको. बाळ मोठं झाल्यावर तुम्हाला माफ करणार नाही. 'संजीवनी' सुंदर नाव आहे, पण ते वेगळं नाव आहे, भाषांतर नव्हे. तुळजाचं इंग्रजी करता येईल का? तसंच हे. आजीचं नाव द्यायचं तर तेच द्या आणि घरात 'रेमे' म्हणा, मराठी जिभेला मुळीच जड जात नाही. आणि पणजीबाई हयात असतील तर त्यांना विचारा, कुठली रेमेदिओस? अंदालुसियात गावागावाची वेगळी असते. सण काही ठिकाणी ८ सप्टेंबरला, म्हणजे आपल्या वांद्र्याच्या जत्रेच्या सुमारास, तर काही ठिकाणी दुसऱ्याच तारखेला. नातीचा नाव-दिवस त्यावरून ठरेल, आणि स्पेनमध्ये त्या दिवशीही भेट मिळते.

नोंदणी स्पेनमध्ये होणार असेल तर २०११ च्या कायद्याप्रमाणे दोन साधी नावं किंवा एक जोडनाव चालतं. 'मारिया दे लोस रेमेदिओस' हे एक जोडनाव धरतात, त्यामुळे ते घेतलं तर 'संजीवनी'ला कागदावर जागा उरत नाही. दोन्ही हवी असतील तर 'रेमेदिओस संजीवनी' लिहा. आडनावं दोन, एक बापाचं, एक आईचं.

एक मात्र पाळा. स्पॅनिश लोक मारिया लिहिताना आळस करतात. मोठा 'एम' काढून वर डोक्याशी बारीकसा 'ए' टाकतात. कागदावर तो 'मा.' सारखा दिसतो. उमेदवारीच्या काळात एका जन्मदाखल्याचं भाषांतर करताना मी तो तसाच उतरवला आणि अकरा दिवसांच्या मुलीचं नाव 'मा. रेमेदिओस' झालं. कचेरीतल्या कारकुनांनी चष्म्यावरून बघत विचारलं, "माननीय? अहो, या कुठल्या खात्याच्या?" दाखला परत आणून टंकून घ्यायला चार दिवस गेले. तेव्हा अर्जावर मारिया अख्खी लिहायला लावा.